आपली माणसं वगळून

ऑफिसात तिला सगळे चिल्लरबाई म्हणत. तोंडावर म्हणत आणि तीही बिनतक्रार ओ देई. जाहिराती पुरवणाऱ्या त्या कंपनीच्या जाळ्यात लहानमोठ्या असंख्य वेबसाइट्स होत्या. बातम्यांच्या, खेळांच्या, सिनेमाच्या धष्टपुष्ट साइट्स वरच्या मजल्यावर टाय लावून बसणाऱ्या मंडळींकडे, आणि उरलेला सगळा किरकोळ माल खाली, झेरॉक्स मशीन आणि जिना यांच्या मधल्या खोलीत, एकट्या हिच्या गळ्यात. कुणी जुने रेडिओ उघडून दाखवणारा, कुणी गच्चीवर टोमॅटो लावणारा, कुणी मुंग्यांबद्दल लिहिणारी शिक्षिका. या साइट्सवर कोणती जाहिरात किती जणांना दिसली, किती जणांनी तिच्यावर बोट ठेवलं आणि त्यांतल्या किती जणांनी पुढे जाऊन खरंच ती वस्तू घेतली, हे मोजायचं तिचं काम. वरचे लोक या कामाला काम मानत नसत. तिचा मात्र या चिल्लरवर जीव होता.

आणि आज दुपारी तीच चिल्लर ठेवायची की बंद करायची, याचा निकाल लागायचा होता.

जाहिरातदार बरेच दिवस कुरकुरत होते. त्यांचं म्हणणं असं, की या लहान साइट्सवर जाहिरातीवर बोट ठेवणारे उदंड, पण वस्तू घेणारा औषधालासुद्धा सापडत नाही. मोठ्या साइट्सवर बोट ठेवणाऱ्यांतले काही तरी पुढे जाऊन खरेदी करतात, इथे मात्र शुकशुकाट. म्हणजे काहीतरी काळंबेरं असणार. खोटे क्लिक पकडणाऱ्या विभागाच्या प्रमुखाला ऑफिसात फौजदार म्हणत. हे नाव त्याला मिशांमुळे पडलं नव्हतं, स्वभावामुळे पडलं होतं. त्याने साहेबांना सांगून टाकलं, "चोर हाती लागत नाही, पण चोरी आहे. गल्लीच बंद करून टाका." साहेब म्हणजे कंपनीचे मालक. त्यांनी मान डोलावली. फक्त, बंद करण्याआधी चिल्लरबाईचं म्हणणं एकदा ऐकून घेऊ, एवढी माणुसकी त्यांनी दाखवली.

सकाळपासून बाई आकड्यांशी झटापट करत होती. कसेही उलटेपालटे केले तरी आकडे फौजदाराच्याच बाजूने बोलत. बोट ठेवणारे भरपूर, घेणारे जवळजवळ नाहीतच. तिला ते पटत नव्हतं, पण पटत नाही हा काही पुरावा नव्हे. तिला ही माणसं ठाऊक होती. मुंग्यांच्या शिक्षिकेच्या पानावर एकदा मुंग्या मारायच्या पावडरीची जाहिरात झळकली, तेव्हा त्या बाईने असा रडवेला मेल पाठवला होता की चिल्लरबाईला घास गिळवेना. रेडिओवाल्याने तर, जाहिरात लेखाच्या मधोमध नको, वाचणाऱ्याच्या हातात तापलेली इस्त्री असते, असं कळवलं होतं. त्याच्या बोलीत इस्त्री म्हणजे तारा डाखून जोडायचं सोल्डरिंगचं हत्यार. असली माणसं खोटे क्लिक विकत घेतील? छे! पण मग बोट ठेवतंय कोण?

इतक्यात आईचा फोन आला.

"आई, मी कामात आहे गं. नंतर करते."

"ऐक तर! मावशीच्या साइटवर आज दाबलंस का?"

"काय दाबलं?"

"अगं, ती जाहिरात! तू आमच्या त्या ग्रुपात नाहीस, म्हणून म्हटलं आठवण करून द्यावी."

मावशी म्हणजे आईची धाकटी बहीण. नोकरी संपल्यावर एकटीच्या घरात बसून तिने विणकामावर साइट सुरू केली होती. टोपी, मोजे, बाळाचं झबलं, सगळं टाक्याटाक्याने समजावून सांगणारी. ती साइट कंपनीच्या जाळ्यात चिल्लरबाईनेच घेतली होती, रीतसर नातं कळवून. त्यामुळे आईचं बोलणं ऐकून ती खुर्चीत ताठ बसली.

"आई, नीट सांग. कोण काय दाबतं?"

"सगळेच! मी चहा झाला की दाबते. मामा फिरून आला की दाबतो, मामी दाबते. तुझी आत्या तर बिचारी दोन्ही फोनवरून दाबते. आता तिचं काय नातं मावशीशी, सांग बरं? पण माणूस चांगलं. साइट उघडायची, जाहिरातीवर बोट ठेवायचं की काम झालं. मावशीला मात्र पत्ता लागू द्यायचा नाही. तिला वाटू दे, लोक येतायत."

"आणि त्या जाहिरातीतली वस्तू घेतलीत कधी?"

"वेडी की काय तू? काल बोटीचं इंजिन होतं!"

चिल्लरबाईने कपाळाला हात लावला. आधी तिला असा संताप आला की फोन भिंतीवर आपटावा. ज्या कंपनीत ती खोट्या क्लिकचा कलंक धुवायला निघाली होती, तिथे तिचंच अख्खं खानदान चहाच्या कपासोबत रोज खोटे क्लिक करत होतं. घरचे म्हणजे घरचेच! शत्रूला इतकं नेमकं सुचलं नसतं. ती तोंड उघडून झापणार, तोच तिचं लक्ष समोरच्या स्क्रीनकडे गेलं.

मावशीच्या घरचे दाबतात. मग रेडिओवाल्याला घर नाही? मुंग्यांच्या बाईंना नणंदा, जावा, भाचरं नाहीत?

"आई," ती म्हणाली, आणि तिचा आवाज तिलाच ओळखू येईना. "फोन ठेवू नकोस. आत्या आहे का तिथे जवळपास?"

"हो, ती इथेच आहे, भाजी निवडतेय."

"तिला सांग, मी म्हणेन तेव्हा मावशीची साइट उघडून दाबायचं. रोज दाबता तस्संच. आधी तू, मग ती."

तिने मावशीच्या साइटवरच्या चालू घडामोडी स्क्रीनवर आणल्या. इथे कुणाचं नावगाव दिसत नसे. कुणीतरी आलं, पान कुठवर वाचलं, कशावर बोट ठेवलं आणि कधी गेलं, एवढीच एक बारीक रेघ उमटे.

"हं, दाब!"

रेघ उमटली. आली, बोट ठेवलं, गेली. पान तसूभरही खाली सरकवलं नव्हतं.

"आता आत्या!"

पुन्हा तशीच रेघ. आली, दाबलं, गेली. मागून आत्याचा आवाज ऐकू आला, "झालं का? दुसऱ्यावरून पण दाबू?" आणि चिल्लरबाई ऑफिसात एकटीच मोठ्याने हसली.

आपल्या माणसाची खूण सापडली होती! आपलं माणूस वाचत नाही. त्याला टोपीशी देणंघेणं नाही आणि मोज्याशी तर नाहीच. ते प्रेमाने येतं, प्रेमाने दाबतं आणि पळतं. खरा वाचक आधी वाचतो, खाली खाली सरकतो, रेंगाळतो, आणि बोट ठेवलंच तर त्यानंतर ठेवतो. आजवर तिने या दोघांना एकाच पोत्यात भरून मोजलं होतं. ती चूक तिची होती, वरच्यांची होती, आणि फौजदाराचीही होती. फौजदाराचे सापळे यंत्रांसाठी होते, भाड्याने क्लिक करणाऱ्या टोळ्यांसाठी होते. मामा, मामी आणि आत्या वेगवेगळ्या घरांतून, वेगवेगळ्या वेळी, इतक्या सज्जनपणे दाबत की कुठल्याच सापळ्याची घंटा वाजत नसे.

तिने कॉम्प्युटरवर एक चाळण लिहायला घेतली. नियम एकच. ज्याने पान जराही न वाचता बोट ठेवलं, तो बाजूला. त्याने पुढे काही घेतलं की नाही, हे बघायचंसुद्धा नाही. आधी चाळायचं, मग मोजायचं. ही चाळण तिने आपल्या सगळ्या लहान साइट्सना लावली आणि यंत्र कामाला लागलं. तिला खुर्चीवर बसवेना. ती उठली, पाणी प्यायली, पुन्हा बसली, पुन्हा उठली. झेरॉक्सपाशी उभ्या असलेल्या हिशेबनिसाने विचारलं, "बाई, बरं आहे ना?" तर ती म्हणाली, "अजून माहीत नाही!"

मग आकडे आले.

पानामागून पान, साइटमागून साइट, तीच गोष्ट. रेडिओवाला, टोमॅटोवाला, मुंग्या. प्रत्येकाकडे रोज येऊन दाबून पळणारी ठरावीक थोडी मंडळी. त्यांना वगळलं की बोट ठेवणारे फार थोडे उरत होते. पण जे उरत होते, त्यांतले किती जण पुढे वस्तू घेत होते ते तिने पाहिलं, आणि डोळे चोळून पुन्हा पाहिलं. वरच्या मजल्यावरच्या कुठल्याही धष्टपुष्ट साइटला हा आकडा कधी जमला नव्हता. जमणं तर सोडा, जवळपाससुद्धा कुणी फिरकलं नव्हतं. तिने दोन्ही हात वर केले, जागच्या जागी उड्या मारल्या आणि खुर्ची उलटी पडली. हिशेबनीस धावत आला. तिने त्याचे खांदे धरून गदागदा हलवले. "खरे आहेत हो! माझे वाचक खरे आहेत!" बिचाऱ्याला काही कळलं नाही, पण त्यानेही हसून अभिनंदन केलं.

खुर्ची उचलून बसताना मात्र तिला नियम आठवला. साइटच्या मालकाची माणसं स्वतः जाहिरातीवर बोट ठेवताना सापडली, तर ती साइट जाळ्याबाहेर. अपवाद नाही. इतर साइट्सवरच्या रेघा नातेवाइकांच्याच आहेत हा तिचा तर्क होता, चांगला होता, पण तर्कच. खात्रीने सांगता येईल असं घर एकच होतं, आणि ते तिचं स्वतःचं होतं. कुणी विचारलं नाही तर बरं, असं तिच्या मनात आलं. तिला स्वतःचीच थोडी लाज वाटली, पण आलं खरं.

दुपारी बैठकीच्या खोलीत साहेब, फौजदार आणि वरची दोनचार मंडळी बसली होती. चिल्लरबाई बोलायला लागली आणि थांबेचना. तिने चाळण सांगितली, आकडे दाखवले, हात नाचवले. साहेब आधी मागे रेलून बसले होते, ते हळूहळू पुढे सरकले. पण साहेब कंपनीचे मालक होते ते काही उगाच नाही.

"बाई, न घेणाऱ्यांना तुम्ही उचलून बाहेर काढलंत. मग उरलेले घेणारेच दिसणार. यात विशेष काय?"

"न घेणाऱ्यांना नाही काढलं, साहेब. न वाचणाऱ्यांना काढलं. त्यांनी पुढे काय केलं ते मी बघितलंच नव्हतं. आणि हीच चाळण मी वरच्या मजल्याच्या साइट्सनाही लावली. हे बघा. तिथे फारसा फरक पडत नाही. मोठ्या साइटला कुठे आलीय आई आणि आत्या!"

कुणीतरी खुदकन हसलं. फौजदार हसला नाही. त्याने चष्मा काढून पुसला.

"चाळण चांगली आहे," तो म्हणाला. "पण हे नातेवाईक आहेत हे तुम्हाला कसं कळलं? भाड्याची माणसंही अशीच येतात आणि जातात. ती असली, तर साइटवाले चोरच ठरतात. गल्ली बंद."

सगळे तिच्याकडे बघत होते. गप्प राहिलं तर सगळी चिल्लर जाणार होती. खरं बोललं, तर मावशी.

"कारण त्यांतली एक माझी आई आहे," ती म्हणाली. "माझ्या मावशीची विणकामाची साइट आपल्या जाळ्यात आहे. घरचे सगळे रोज दाबतात. मावशीला माहीत नाही. मला आज सकाळी कळलं. आईला फोनवर दाबायला लावलं आणि रेघ स्वतः पाहिली. तिच्यावरूनच ही चाळण सुचली."

साहेबांनी भुवया उंचावून फौजदाराकडे पाहिलं. आता हा माणूस वाघासारखा झडप घालणार, असं सगळ्यांना वाटलं. फौजदार मात्र कानापर्यंत लाल झाला होता.

"साहेब," तो खाली बघत म्हणाला, "माझ्या मेहुण्याची एक साइट आहे. जुन्या सायकलींची. बाईंच्याच विभागात. आमची मंडळी रोज सकाळी... म्हणजे माझ्या डोळ्यांदेखत... मला वाटायचं, ती वाचते."

मग जो हशा उठला, त्यात फौजदारही सामील झाला. हसू ओसरल्यावर त्याने पुन्हा चष्मा चढवला आणि पुन्हा फौजदार झाला. नियम तो नियम. ज्यांच्याबद्दल खात्री आहे, त्या दोन साइट्सवरच्या जाहिराती आजच थांबतील, मेहुण्याच्याही आणि मावशीच्याही. बाकीच्यांना शिक्षा नाही. नातेवाइकांचे क्लिक यापुढे चाळून बाजूला ठेवायचे आणि मोजणी बाईंच्या पद्धतीने करायची. साहेबांनी मान डोलावली, आणि चिल्लर विभाग वाचला. वरच्या मजल्यावरचा एक जण तर जिन्यात तिला गाठून विचारू लागला, ही चाळण आम्हालाही शिकवाल का. तिने हो म्हटलं आणि पिशवी उचलली. आनंदाने तिचे पाय जमिनीवर ठरत नव्हते, आणि मावशीला काय सांगायचं या विचाराने जडही झाले होते.

मावशीच्या घराचा दरवाजा उघडाच होता. खिडकीपाशी टेबल, टेबलावर लोकरीचे गुंडे, आणि त्यांच्या गराड्यात जुना कॉम्प्युटर. चिल्लरबाईने चप्पल काढता काढताच सगळं ओकून टाकलं. तुझ्या साइटवरच्या जाहिराती बंद झाल्या, आणि त्या मी बंद करायला लावल्या. घरचे रोज दाबत होते. माफ कर.

मावशी सुया खाली ठेवून ऐकत राहिली.

"मला माहीत होतं गं," ती शेवटी म्हणाली.

"काय?"

"तुझ्या आईला गुपित ठेवता आलंय का कधी? रोज सकाळी फोनवर विचारते, आज कसं काय, गर्दी आहे का साइटवर? आणि स्वतःच हसते. आत्याने तर एकदा विचारलं, ते बोटीचं इंजिन किती दिवस ठेवणार आहेस." मावशी हसली, पण हसू डोळ्यांपर्यंत पोचलं नाही. "जाहिरातीचं जाऊ दे. मला एकच सांग. तू मोजतेस ना सगळं? मग आपली माणसं वगळून सांग. मागे उरतं का कुणी?"

तिने हे अगदी सहज विचारल्यासारखं दाखवलं. पण हात मात्र गुंड्याची लोकर उगाच गुंडाळत होते. तेव्हा कुठे चिल्लरबाईला कळलं की आज आपण आकड्यांना जे विचारलं, तेच ही बाई कधीपासून स्वतःला विचारत बसली होती, आणि उत्तराच्या भीतीने कुणाला विचारत नव्हती.

"उरतात!" ती ओरडलीच. "मावशी, उरतात! आपल्या घरात माणसं आहेत त्याच्या कितीतरी पट!" तिने लॅपटॉप काढून लोकरीवरच उघडला. "हे बघ, ही आत्या, ही आई. यांना काढलं. आता या सगळ्या रेघा बघ. ही परकी माणसं. टोपीचा धडा वरपासून खालपर्यंत वाचतात. झबल्याचा तर शेवटच्या ओळीपर्यंत. सुयांची जाहिरात होती, तेव्हा यांनी सुया घेतल्या."

मावशीने चष्मा लावला. ती स्क्रीनच्या इतकी जवळ आली की तिचा श्वास काचेवर उमटला. "ही... ही खरी माणसं?"

"खरी! आणि मोज्यांचा धडा बघ. तिथे तर कमालच आहे. लोक खाली जातात आणि पुन्हा वर येतात, पुन्हा त्याच जागी. दुसऱ्या दिवशी येतात तेही तिथेच. इतका जीव लावून वाचणारे मी कुठल्याच साइटवर पाहिले नाहीत."

"कुठल्या जागी?" मावशीचा आवाज एकदम बदलला.

"हे काय. मोजा वळतो तिथे. टाचेपाशी."

मावशी ताडकन उभी राहिली. लोकरीचे गुंडे घरभर पळाले.

"जीव कसला लावतायत, वेडे! अडकलीत ती! टाचेचे टाके मी चुकीचे लिहिलेत. मला कधीच कळलं होतं. म्हटलं, राहू दे, घरचेच तर येतात, आणि त्यांच्यात विणतंय कोण!"

ती कॉम्प्युटरसमोर बसली. गाल लाल झाले होते, आणि चिल्लरबाईने तिला इतकं आनंदी आणि इतकं घाबरलेलं कधी पाहिलं नव्हतं.

"त्यांना इथून हाक मारता येते का गं? थांबा म्हणून?"

"नाही, मावशी."

"मग माझ्याशी बोलू नकोस. कुणीतरी आत्ताही सुया धरून बसलं असेल."